आठ ठिकाणांचं पत्रक, नऊ तासांचा दिवस

नाशिकमधला एक छोटा टूरचालक शनिवार-रविवारी सतरा सीटांच्या टेम्पो ट्रॅव्हलरमधून ‘नाशिक दर्शन’ काढतो. गाडीत बारापेक्षा जास्त प्रवासी घेत नाही, सोबत गाईड देतो, माणशी बाराशे रुपये लावतो. पत्रकावर आठ ठिकाणं छापलेली: पांडवलेणी, काळाराम मंदिर, सीतागुंफा, कपालेश्वर, रामकुंड, नारोशंकर मंदिर, तपोवन आणि मुक्तिधाम. वेळ सकाळी साडेआठ ते संध्याकाळी साडेपाच. जानेवारीतल्या एका शनिवारी यातली सहाच झाली. तपोवन आणि मुक्तिधाम राहिलं. अकोल्याच्या एका निवृत्त बँक अधिकाऱ्यानं सीबीएसला, म्हणजे मध्यवर्ती बसस्थानकाशी, उतरताना हिशेब मांडला: बाराशे भागिले आठ म्हणजे दीडशे, दोन ठिकाणं राहिली म्हणजे तीनशे, आम्ही दोघं, सहाशे रुपये परत करा.

मी त्या दिवशी गाडीत शेवटच्या सीटवर होतो. टूरचालक ओळखीचा, गाडीत दिवसभर काय घडतं ते बाहेरच्या माणसानं बघावं, अशी त्याची इच्छा होती. त्यामुळे हा वाद कसा उभा राहिला ते सकाळपासून डोळ्यांसमोर घडलं.

गाडीत कोण होतं ते आधी सांगतो, कारण निम्मं प्रकरण तिथंच आहे. अकोल्याचे काका-काकू, काकूंचे दोन्ही गुडघे दुखरे. सोलापूरच्या चार जावा, थोरली साठीच्या पुढची. दुसऱ्या दिवशी त्र्यंबकेश्वर करून परत जाणार होत्या. ठाण्याचं एक कुटुंब, सोबत आठ-नऊ वर्षांचा मुलगा. पुण्याचं एक तरुण जोडपं, ज्यांना नाशिक म्हणजे द्राक्षमळे आणि वाइनरी असं वाटत होतं आणि पत्रक वाचल्यावरही वाटत राहिलं. आणि लातूरचा एक विद्यार्थी, एकटाच आलेला. त्याला काळाराम मंदिराचं दार बघायचं होतं. देऊळ नव्हे, दार. गाईड पंचवटीतच वाढलेली एक तरुण मुलगी. दुपारपर्यंत ती सगळ्यांची ‘ताई’ झाली होती, तिच्याहून तिप्पट वयाच्या जावांचीसुद्धा.

या बारा जणांपैकी कुणाला काय हवंय, कुणाला काय झेपत नाही, याची टूरचालकाकडे नोंद नव्हती. बुकिंगला त्यानं नाव, मोबाइल आणि आगाऊ रक्कम एवढंच घेतलं होतं.

ताईनं पहिला निर्णय साडेआठलाच घेतला. पत्रकावर पांडवलेणी पहिली, पण त्याआधी मिसळ. तिनं गाडी थेट मुंबई-आग्रा महामार्गानं पांडवलेण्यांकडे घ्यायला सांगितली. शनिवारी नऊ वाजता नाशिकमध्ये मिसळ खायला जाणं म्हणजे टेबलासाठी ताटकळणं. त्यात तास गेला की लेणी उन्हात चढावी लागतात. जानेवारीत नाशिकला सकाळी चांगलीच थंडी असते, पण अकरानंतर त्या उघड्या डोंगरावर पायऱ्या तापतात. निर्णय बरोबर होता. तो पटवायचा मात्र राहिला. उपाशीपोटी डोंगर चढायचा म्हटल्यावर ठाण्याच्या आईचा चेहरा उतरला. ताईनं पिशवीतून चिवड्याचं पाकीट काढून मुलाच्या हातात दिलं आणि विषय मिटवला. पाकीट तिनं स्वतःच्या पैशानं आणलं होतं, हे मला नंतर कळलं.

पायथ्याशी काकू म्हणाल्या, मी येत नाही. सोलापूरची थोरलीही त्यांच्यासोबत थांबली. एकच गाईड असलेल्या टूरची दुखरी जागा हीच आहे. गट छोटा असला तरी दुभंगला की गाईड एकाच तुकड्यासोबत जाते, आणि मागे राहिलेला माणूस पूर्ण पैसे भरून बाकड्यावर बसतो. ताईनं निघण्याआधी त्या दोघींजवळ पाच-सात मिनिटं घालवली. वर काय आहे, लेणी कुणी दिली, ‘पांडव’ हे नाव लोकांनी नंतर कसं चिकटवलं, एवढं खालीच सांगून टाकलं. वर चढणारे तोवर खोळंबले. पाहणारा म्हणेल वेळ वाया गेला. मला तो दिवसभरातला सर्वांत नेमका खर्च वाटला.

वर चोवीस लेणी आहेत. ताईनं तीनच दाखवली. अठरा क्रमांकाचं चैत्यगृह, म्हणजे प्रार्थनेचं दालन, कारण तिथं आत शिरताच आवाज आपोआप खाली येतो. मग तीन क्रमांकाचं, जिथं गौतमी बलश्रीनं आपल्या मुलाचं, सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीचं, वर्णन कोरून घेतलंय: खखरातांचा वंश निःशेष करणारा. आणि दहा क्रमांकाचं, ज्याच्या व्हरांड्यात त्याच खखरात घराण्यातल्या नहपानाच्या जावयाचा, उषवदाताचा, लेख आहे. ज्यांचा वंश संपवल्याचा अभिमान एका भिंतीवर, त्यांचंच दान जरा पलीकडच्या भिंतीवर, आणि दोन्हीकडे राहणारे भिक्खूच. हे तिनं सांगितलं तेव्हा लातूरचा मुलगा वही काढून बसला.

पण खरी गंमत काकांची झाली. उषवदाताच्या लेखातला व्यवहार ताईनं सोप्या शब्दांत मांडला. त्यानं तीन हजार कार्षापण, म्हणजे त्या काळची नाणी, गोवर्धन इथल्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे त्यांच्या व्यावसायिक संघांकडे, ठेवले. दोन हजार एका श्रेणीकडे, दरमहा शेकडा एक दरानं. एक हजार दुसरीकडे, शेकडा पाऊण दरानं. मुद्दल कधी परत मागायचं नाही, व्याज तेवढं वापरायचं. दोन हजारांच्या व्याजातून लेण्यात वर्षावास, म्हणजे पावसाळ्याचा मुक्काम, करणाऱ्या वीस भिक्खूंना प्रत्येकी बारा कार्षापण कापडासाठी. काका थांबले. बोटांवर काहीतरी केलं आणि म्हणाले, “दोन हजारांवर महिन्याला वीस, वर्षाला दोनशे चाळीस. वीस माणसं, बारा बारा. बरोब्बर! एक पैसा इकडेतिकडे नाही.” मग दुसऱ्या ठेवीवर दर कमी का, तारण काय होतं, श्रेणी बुडाली तर जबाबदार कोण, असे प्रश्न सुरू झाले. ताईनं जिथं उत्तर होतं तिथं दिलं, नव्हतं तिथं हसली. गोवर्धन गाव आजही गंगापूर रस्त्याला आहे, हे ऐकून काका म्हणाले, “शाखा बंद झाली असेल.”

पत्रकाप्रमाणे इथं एक तास होता. पायऱ्या धरून पावणेदोन गेले. लेण्यांच्या भिंतीसमोर उभा राहून बँकेचा माणूस ठेवीचा हिशेब तपासतोय, अशा वेळी ‘चला, चला’ म्हणणारा गाईड मला तरी नको. पण हा जास्तीचा पाऊण तास कुठून तरी वजा होणार, हे त्या क्षणी गाडीतल्या एकाच माणसाला माहीत होतं: ताईला. तिनं ते कुणाला सांगितलं नाही.

मिसळ झाली, जिलेबी झाली, पुण्याच्या जोडप्यानं दोनदा रस्सा मागितला. त्यावर लिहिण्यासारखं काही नाही. नाशिकची मिसळ तिचं काम चोख करते. द्वारकेच्या चौकात नेहमीसारखं अडकून पंचवटी कारंजाला पोहोचलो तेव्हा एक वाजून गेला होता. इथं छोट्या गाडीबद्दलचा एक गैरसमज निघून जातो. मोठी बस गल्लीत जात नाही म्हणून छोटी गाडी, असं टूरवाले सांगतात. पंचवटीत टेम्पो ट्रॅव्हलरही जात नाही. चालक उतरवून देतो आणि जागा मिळेल तिथं गाडी लावून फोनची वाट बघतो. छोट्या गटाचा फायदा उतरल्यावर सुरू होतो: बारा माणसं एका दाराशी रस्ता न अडवता उभी राहू शकतात आणि माइकशिवाय ऐकू शकतात. पन्नास जणांना ते जमत नाही.

सीतागुंफेसमोर रांग होती. शनिवार, त्यात शिर्डी-नाशिक-त्र्यंबक असा फेरा मारणाऱ्यांच्या गाड्या. ताईनं रांगेचा अंदाज घेतला, किमान चाळीस मिनिटं. आत उतरायला वाट अरुंद, वाकून, काही ठिकाणी जवळपास बसत जावं लागतं. काकूंचा प्रश्नच नव्हता. मग तिनं दुसरा निर्णय घेतला आणि तो सगळ्यांसमोर मांडला. म्हणाली, “काका, काकू, ऐका. गुंफा केली तर पुढं तपोवन किंवा मुक्तिधाम यातलं एक सुटेल, कदाचित दोन्ही. गुंफा सोडली तर दोन्ही धावत धावत होतील. तुम्ही सांगा.”

काका म्हणाले, “मंग लिहिलं कायले आठ?”

सोलापूरच्या धाकटीनं ताईचा हात धरला. “अवो ताई, सीतामाईची गुंफा न बघता गावाकडं काय सांगू? आमी काय सारखं सारखं येतोय व्हय?”

हात वर करायला लावले. गुंफेच्या बाजूनं पाच, नको म्हणणारे चार, बाकीच्यांना कसंही चालणार होतं. म्हणजे निकाल लागला असं म्हणायचं तर म्हणा. ताईनं तोडगा काढला: तीन जावा आणि ठाण्याचे वडील-मुलगा रांगेत, बाकीचे तिच्यासोबत काळारामाला, आणि सगळ्यांनी कपालेश्वराच्या पायऱ्यांशी भेटायचं. फोन नंबर घेतले. थोरली जाऊ श्वासाचा त्रास म्हणून रांगेतून बाजूला झाली आणि ताईसोबत आली.

काळारामाचं आजचं देऊळ सरदार रंगराव ओढेकरांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस बांधलं, रामशेजच्या काळ्या दगडात. हे प्रत्येक गाईड सांगतो. ताई आधी दाराशी थांबली. 2 मार्च 1930 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली इथं अस्पृश्यांच्या मंदिरप्रवेशासाठी सत्याग्रह सुरू झाला, दारं बंद केली गेली, दादासाहेब गायकवाडांनी तो पुढं नेटानं चालवला, पाच वर्षं गेली तरी दार उघडलं नाही. आणि 13 ऑक्टोबर 1935 ला याच जिल्ह्यातल्या येवल्यात बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही अशी घोषणा केली. सलग, कुठलाही शब्द मोठा न करता तिनं हे सांगितलं. लातूरचा मुलगा दाराच्या चौकटीकडे बघत होता. थोरल्या जावेनं विचारलं, “आणि देव आत बसून बघत होता?” कुणीच उत्तर दिलं नाही. मग सगळे आत गेले. तो मुलगाही गेला, सर्वांत शेवटी.

अशा जागी पंधरा मिनिटांची मर्यादा घालून बघा. इथं पस्तीस लागली.

कपालेश्वराशी भेट ठरल्या वेळेपेक्षा वीस मिनिटं उशिरा झाली, कारण गुंफेची रांग थबकली होती. काका घड्याळ बघत होते. देवळासमोर नंदी नाही, हे बाकीच्या शिवमंदिरांपेक्षा वेगळं कसं, ते ताईनं पायऱ्यांवरच सांगितलं. रामकुंडाशी गोदावरी दक्षिणेकडे वळते, म्हणून या जागेला मान. 1948 मध्ये गांधीजींच्या अस्थी इथंही विसर्जित झाल्या. ठाण्याच्या मुलाला या सगळ्यापेक्षा नदीपात्रातली उंच मूर्ती, दुतोंड्या मारुती, आवडला, आणि मी त्याच्या बाजूचा आहे. पुराच्या दिवसांत नाशिककर धरणातून किती क्युसेक सोडलं हे ऐकतात खरं, पण विचारतात ते “मारुतीच्या कुठवर आलं?” असं. पाणी कमरेच्या वर सरकायला लागलं की भांडी बाजारात माल हलवायची घाई सुरू होते. मुलानं आपल्या कमरेला हात लावून पाहिला, मग मारुतीच्या. नारोशंकराच्या देवळाची घंटा 1739 च्या वसई मोहिमेनंतर तिथून आली, देऊळ 1747 चं. ती घंटा खालून बघितली, फोटो झाले, आणि जावा नदीपलीकडे भांडी बाजारात शिरल्या. तिथून तांब्याचे तीन तांबे आणि एक पळी-पंचपात्र घेऊन बाहेर यायला त्यांना जेवढा वेळ लागला, तेवढ्यात तपोवन झालं असतं.

पावणेपाचला ताईनं गाडीत सांगितलं की उरलेली दोन्ही ठिकाणं होणार नाहीत. पुण्याचं जोडपं म्हणालं, चालेल. त्यांना पत्रकात नसलेली वाइनरी हवी होती आणि ती गंगापूर धरणाच्या बाजूला, मुक्तिधामच्या अगदी उलट दिशेला. काका गप्प होते. त्यांचा हिशेब तेव्हाच सुरू झाला असावा.

आता सहाशे रुपयांकडे येऊ.

टूरचालकाचं म्हणणं होतं की बाराशे रुपये ठिकाणांचे नसतात. गाडी, डिझेल, चालक, गाईड आणि दिवस, यांचे असतात. तपोवनाला तिकीट नाही, मुक्तिधामला नाही, मग परत काय करायचं? ऐकायला ठीक वाटतं. पण नकाशा समोर धरला की हे म्हणणं त्याच्यावरच उलटतं. पत्रकावरच्या आठांपैकी काळाराम, गुंफा, कपालेश्वर, रामकुंड आणि नारोशंकर ही पाच ठिकाणं एकमेकांपासून चालत काही मिनिटांवर आहेत. गाडीच्या दृष्टीनं ती मिळून एकच थांबा. म्हणजे गाडी प्रत्यक्षात चार ठिकाणी जाणार होती आणि दोन ठिकाणी गेली. मुक्तिधाम नाशिक रोडला, सीबीएसपासून आठ-नऊ किलोमीटर. जाणं-येणं वाचलं ते डिझेल कुणाच्या खिशात राहिलं? काकांनी आठानं भागलं म्हणून सहाशे आले. गाडीच्या थांब्यांनी भागलं असतं तर त्यांचा दावा दुप्पट झाला असता. हे मी त्यांना सांगितलं नाही, टूरचालकाला सांगितलं.

उलट बाजूनंही तेवढंच खरं आहे. काकांनी सहाशे रुपयांची ठिकाणं गमावली, पण पांडवलेण्यांत जो पाऊण तास जास्त मिळाला त्यातला निम्मा त्यांच्याच प्रश्नांनी घेतला, आणि त्याचा भाव त्यांनी लावला नाही. रात्री काकूंनी ताईला फोन केला तेव्हा म्हणाल्या, “हे रिक्षात बसल्यापासून त्या विणकरांच्या ठेवीचंच सांगून राह्यले.”

त्या फोनमधूनच कळायला हवी होती ती गोष्ट कळली. दोघांची परतीची विदर्भ एक्स्प्रेस रात्री नाशिक रोडहून होती. सीबीएसला उतरल्यावर त्यांनी लॉजवरून सामान उचललं, रिक्षा केली, नाशिक रोडला पोहोचले आणि गाडीला वेळ होता म्हणून मुक्तिधाम बघून आले. संगमरवरी देऊळ, भिंतींवर गीता, काकूंना फार आवडलं. एकही पायरी छळणारी नाही असं त्या म्हणाल्या. सकाळी सामान गाडीतच टाकायला सांगितलं असतं, तर त्यांना पंचवटीतूनच नाशिक रोडकडे रिक्षा करून देता आली असती. मुक्तिधामही झालं असतं आणि सहाशेचा प्रश्नही आला नसता. परतीची गाडी कुठून आणि किती वाजता, हे बुकिंगच्या वेळी कुणी विचारलंच नव्हतं. ‘छोटा गट’ म्हणून माणशी जे जास्तीचे पैसे घेतले जातात, ते याच विचारपुशीचे असतात. इथं विचारपूस झाली, पण दुपारी दीडला, रांगेसमोर, हात वर करून.

ताईच्या कामात मला खोट दिसली ती एकच. पांडवलेण्यांहून उतरताना वेळ गेल्याचं तिला माहीत होतं. तेव्हाच गाडीत सांगितलं असतं तर मिसळ आटोपती घेऊन, भांडी बाजार वगळून, निदान तपोवन साधलं असतं, आणि काकांना निवड करायला मिळाली असती. दुपारी दिलेली निवड ही खरं तर आधीच झालेल्या खर्चाची वाटणी होती. बाकी तिनं वगळलं ते योग्यच वगळलं. चोवीसपैकी तीन लेणी दाखवणं सोपं नसतं. पाठ केलेलं सगळं सांगून टाकण्याचा मोह गाईडला सगळ्यात मोठा असतो.

टूरचालकानं काय केलं? काकांना सहाशे परत दिले नाहीत, तीनशे दिले, ऑनलाइन. काकांनी ‘मिळाले’ एवढंच कळवलं. बुकिंगच्या फॉर्मवर आता तीन प्रश्न वाढलेत: चढ-पायऱ्या जमतात का, परतीची गाडी कुठून आणि किती वाजता, आणि यातलं कुठलं ठिकाण सुटलेलं चालणार नाही. हे त्यानं लगेच मान्य केलं, कारण त्याला खर्च नाही. पायथ्याशी राहिलेल्यांसाठी चालकाला थोडं शिकवून तयार करावं, ही सूचनाही त्याला पटली. चालक भाऊ स्वतःच म्हणाले की एवढ्या फेऱ्यांत ऐकून ऐकून निम्मं पाठ झालंय.

आठाचा आकडा काढायला मात्र तो तयार नाही. पांडवलेणी, पंचवटी आणि नदीकाठ असं लिही, वेळ उरला तर तपोवन किंवा मुक्तिधाम, असं मी सुचवलं. तो म्हणाला, “सर, शेजारच्या बोर्डवर बारा लिहिलंय. मी तीन लिहिलं तर गाडी रिकामी जाईल.” त्याचं म्हणणं खोटं नाही. सीबीएसच्या आसपास उभं राहून दहा मिनिटं गिऱ्हाईकं बघा. बोट आधी आकड्यावर जातं. मी त्याला एवढंच विचारलं की त्या बारावाल्याकडे गेलेली गिऱ्हाईकं दुसऱ्यांदा आपली माणसं पाठवतात का. सोलापूरच्या जावांनी पुढच्या महिन्यासाठी गावातल्या आणखी आठ बायकांचं बुकिंग केलंय, आणि गाईड तीच ताई हवी असं सांगितलंय. तपोवनाबद्दल त्यांनी विचारलं नाही. भांडी बाजारात तासभर मिळेल ना, हे मात्र दोनदा विचारलं.